ओस्मा आजीची शेवटची सर

नाही, मरावं की मरू नये हा ज्याचा त्याचा प्रश्न आहे, आपण कशाला मध्ये पडा... पण तुम्हाला सांगतो, एकदा "मी मरते" म्हणून गावभर सांगितलं की मग मरावं ना! हे काय, आज मरते, उद्या मरते, आणि तोवर अख्ख्या गावाला भिजवत ठेवायचं? आमची शेजारीण हो, ओस्मा आजी! उन्हाळ्याच्या तोंडावर अंथरूण धरलं आणि टेकडीवर आभाळचक्कीवाल्या फेंदोरला निरोप धाडला, की माझी शेवटची सर सोड. झालं! आमच्या झेरूमळची पद्धतच आहे, म्हातारं माणूस निघालं की त्याचा जीव जाईपर्यंत चक्कीतून रिमझिम सोडायची, वाट ओली असली की जीव सुखानं जातो म्हणे. फेंदोरनं भाता फुगवला, पावसाचा दांडा ओढला, रिमझिम सुरू. गाव रडलं, मी रडलो, मी तर जरा जास्तच रडलो, शेजारी ना! रडून झालं, डोळे पुसले, नाक पुसलं... आणि म्हातारी जाईना, ऊन येईना!

तुम्ही म्हणाल, तुझं काय एवढं अडलं? अहो, लग्न अडलं! चाळिशी उलटून, डोक्यावरचं रान विरळ झाल्यावर, एका बाईनं मला हो म्हटलं होतं... यिमेरानं, डोंगरापलीकडच्या मेंढपाळांची ती. आणि आमच्याकडे लग्न लागतं कसं? नवऱ्याची सावली नवरीच्या सावलीला टेकली की लागलं. आता ऊन नाही तर सावली कुठली? दिवा लावून चालत नाही, विचारलं मी! आणि तिचा बाप रोज ओल्या घोंगडीत बसून माझ्याकडे बघतो न् म्हणतो, "जावईबापू... म्हणजे, होणारे जावईबापू... आमची काही घाई नाही हो. पानं पिवळी पडली की कळप घेऊन निघू. मुलीसकट."

गेलो फेंदोरकडे. हा इसम वंगणानं माखलेला, पण ऐट अशी, की आभाळ ह्याला सासऱ्यानं आंदण दिलंय. मी म्हटलं, "फेंदोरभाऊ, जरा थोडा वेळ ऊन..." तर म्हणे, "आभाळ एक, चक्की एक, दांडा एका वेळी एकच. म्हातारी गेली का? नाही? मग ती स्वतः इथं येऊन 'मी जात नाही' म्हणणार आहे का? नाही? मग वाट बघ. आणि पुढच्या वेळी पाय पुसून ये." पाय पुसून! दारात गुडघाभर चिखल, तोही ह्यानंच केलेला!

आता ही मरत का नव्हती ते ऐका. रिमझिमीनं निघाल्या गोगलगाई, भिंतीभिंतीवर, चपलेत, टोपीत! आणि निघालेल्या माणसाकडे रिकाम्या हातानं जायचं नाही, म्हणून एकेक बाई रोज गोगलगाईंचा रस्सा घेऊन हजर. पाऊस म्हणून गोगलगाई, गोगलगाई म्हणून रस्सा, रस्सा म्हणून म्हातारीच्या गालावर लाली... आणि लाली आली तरी निघालेली ती निघालेलीच, म्हणून परत पाऊस! मी विचारलं, "आजी, कसं वाटतंय?" तर खोल गेलेल्या आवाजात, "संपलं रे दर्गाल... आता काही खरं नाही... तळातलं वाढ, वर नुसतं पाणी आहे." म्हातारी जाईना, ऊन येईना!

शेवटी पानं पिवळी पडायला लागली. यिमेराच्या बापानं घोंगड्या बांधायला घेतल्या. यिमेरा एकेक गाठ मारता मारता माझ्याकडे बघत राहिली हो. तसाच गेलो म्हातारीकडे, लाजलज्जा गुंडाळून ठेवली आणि विचारलं, "आजी, तुमचं जायचं नक्की कधी?"

"ह्या चिखलात? गुडघे बघ माझे. जरा ऊन पडू दे, मग जाईन."

घ्या! मी कपाळावर हात मारला. "अहो, मग वर चला आणि सांगा ना, मी जात नाही म्हणून! चांगल्या ठणठणीत आहात!" तशी तिनं वाटी खाली ठेवली. मला वाटलं आता शिव्या घालते, तर डोळ्यांत पाणी. "ठणठणीतच होते रे. पण ठणठणीत म्हातारीच्या दारात कोण येतं? तू तरी कधी आलास, भिंतीला भिंत लागून असून? आता रोज कोणी ना कोणी येतं, बसतं, माझ्यासाठी रडतं. पाऊस थांबला की परत मी न् ही भिंत."

वाईट वाटलं हो, खरंच वाईट वाटलं... आणि मला वाईट वाटलं ना, की माझं तोंड माझ्या ताब्यात राहत नाही. बोलून गेलो, "आमच्याकडे या राहायला!"

एवढं म्हणायचा अवकाश, म्हातारी अंथरुणातून उठली, चपला झटकून घातल्या आणि टेकडी अशी चढली की मी मागे धापा टाकतोय! फेंदोरच्या तोंडावर म्हणाली, "मी जात नाही. ओढ उन्हाचा दांडा!" ऊन पडलं, सावलीला सावली टेकली, लागलं लग्न. सासरा रडला... घोंगड्या परत सोडाव्या लागल्या म्हणून असेल.

मग यिमेराला भीत भीत सांगितलं, की आजी आपल्याकडेच असणार. तर काय म्हणावं तिनं? "बरं झालं बाई, घरात बोलायला माणूस झालं!" म्हणजे मी कोण, खुंटी?

आता दोघी रोज उन्हात केस वाळवत बसतात, माझ्याकडे बघतात आणि फिदीफिदी हसतात. "आजी, हा घोरतो हो." "अगं, मला सांगतेस? भिंतीतून ऐकत आलेय मी!" परवा धीर करून म्हटलं, यिमेरा, चल ना, आपण दोघंच जरा नदीपर्यंत फिरून येऊ. तर म्हणाली, "आणि मागे आजींना एकटं वाटलं तर?"

मग काय... गेलो एकटाच.