नुमानभाईंचं मत

आखातात, सीफच्या भारतीय पासपोर्ट कचेरीत टोकन धरून मी कालच्या कीर्तनातला अभंग मनात घोळवत होतो. पुढच्या बाकावर रत्नागिरीचे नुमान आणि त्यांच्याच ऑफिसातला पुणेकर सलील.

"नुमानभाई, पासपोर्ट भारताचा, म्हणजे मत तुमचंच. फक्त तिथे जाऊन द्यायचं."

"गेलो होतो की, रजा काढून! केंद्रावर म्हणाले, तुमचं मत सकाळीच झालं. सही दाखवली."

"कुणीतरी बोगस मारली असेल हो."

"सही माझीच, सलीलभाऊ. शेवटची रेघ मी मागे वळवतो, तीसुद्धा होती."

"घरी विचारलंत?"

"अम्मी म्हणाली, सकाळी आलास, जेवलास, मत द्यायला गेलास. परत भूक लागली काय?"

"वय झालंय त्यांचं."

"ताट तसंच होतं. माशाचे काटे डावीकडे रचलेले. मी रचतो तसे."

"उगाच घाबरवू नका. लावा फोन अम्मीला, मीच विचारतो."

"तीस वर्षं राहून इथला झालो नाही, भाऊ. तिथलाही नसलो, तर मी कोण?"

"लावा हो. स्पीकरवर."

"अम्मी, मी नुमान."

"कोण? नुमान तर इथे जेवतोय. थांब, त्याला देते."

"नको, अम्मी, देऊ नको!"

"हॅलो, नुमान बोलतोय. आपण कोण?"

अभंगाची पुढची ओळ मला आठवेना.