या घरी कधीतरी

नाही, आता तुम्हीच सांगा, माणसाने माणसाशी इतकं गोड बोलायचं कशाला? मी भांडत नाहीये, नुसतं विचारतोय, कारण गेले चार दिवस मी या गल्लीत सकाळ-दुपार पळतोय, गुडघा माझा हा असा, ऐका, वाजतोय बघा, ग्रीसच्या डॉक्टरने स्पष्ट सांगितलं होतं की आता जिनासुद्धा जपून चढायचा, आणि मी इथे ब्रागान्साच्या चिखलात दारोदार निरोप देत फिरतोय की मावशी, आज चार वाजता तो तुमच्याकडे येतोय, कृपा करून घरी थांबा. का? तर आमच्या गल्लीने, एक नाही, दोन नाही, अकरा घरांनी, रविवारी एका डॅनिश म्हाताऱ्याच्या पाठीवर हात ठेवून हसत हसत सांगितलं, या घरी कधीतरी!

आणि त्याने खिशातून डायरी काढली हो. ओळीने लिहून घेतलं.

मावशींना सांगायला गेलो, म्हणजे आमच्या शेजारच्या इरासीमावशी, तर म्हणतात, मी कधी बोलावलं त्याला? म्हटलं, रविवारी. म्हणाल्या, "अरे, ते म्हणायचं असतं!" ते म्हणायचं असतं हे मला सांगताय? मला? हे एक वाक्य मी तोंडात घेऊन युरोपला गेलो आणि त्यापायी माझं अख्खं करिअर वाहून जायची वेळ आली होती!

थांबा, सुरुवातीपासून सांगतो. मला कपाट म्हणतात. नाव जोसिवाल्दो आहे, पण ते फक्त पासपोर्टला माहीत. मी फुटबॉलमधला डिफेंडर. अंगाने हा असा, म्हणून कपाट. इथल्या नदीकाठच्या मैदानावर खेळलो, मग बेलेमच्या क्लबने नेलं, मग एकविसाव्या वर्षी पोर्तुगालला. तिथे डोंगरात एक क्लब होता, आठ महिने काढले. भाषा तीच, आपलीच, पण ते इतकं तोडून बोलायचे की मला वाटायचं सगळे माझ्यावर रागावलेत. मी रोज सगळ्यांची माफी मागायचो, कशाबद्दल ते मलाही माहीत नसायचं. आणि तिथून डेन्मार्क. सहा महिन्यांचा करार. सहा महिन्यांत पसंत पडलो तर पुढे चार वर्षं, नाही तर परत घरी, मामाच्या होडीवर मासळीच्या टोपल्या उचलायला. कपाटाला उचलण्याचं काम कायम मिळतं.

लुसिनेया, म्हणजे माझी बायको, बरोबर होती. नवीन लग्न. आईने सामानात काय दिलं असेल? चौदा किलो फारीन्या! आमच्याकडचा तो कंदाचा पिवळा रवा हो, तो नसेल तर आम्हाला जेवल्यासारखंच वाटत नाही. आई म्हणाली, तिकडे काय मिळेल न मिळेल. स्वेटर एक नाही, फारीन्या चौदा किलो.

तर तिथे गेलो, फेब्रुवारी, बाहेर बर्फ, आणि संघात कुणी बोलेना. वाईट माणसं नव्हती, पण कामापुरतं बोलायची. सराव संपला की आंघोळ, सायकल, घर. मी म्हटलं हे काही खरं नाही. आपण होऊन बोलावं. आता मला त्यांची भाषा येते कुठे? चार वाक्यं पाठ केलेली. त्यातलं चांगलं वाक्य कुठलं? बरोबर! या घरी कधीतरी. गोलकीपरला सांगितलं, मालिश करणाऱ्याला सांगितलं, हिरवळ कापतो त्याला सांगितलं, सगळ्यांना सांगितलं, आणि शेवटी प्रोफेसरांनाही सांगितलं.

प्रोफेसर म्हणजे कोच. आम्ही कोचला प्रोफेसरच म्हणतो, त्या बिचाऱ्यांनी पहिले दोन आठवडे मला समजावायचा प्रयत्न केला की ते कधी कॉलेजात शिकवत नव्हते. टोर्किल त्यांचं नाव. उंच, कोरडा माणूस, चेहऱ्यावर एक रेष हलणार नाही. मी म्हटलं, या घरी कधीतरी, प्रोफेसर. ते थांबले. डायरी काढली. म्हणाले, कधी?

आता घ्या! तुम्हाला आजवर कुणी विचारलंय, कधी? मी म्हटलं, कधीही. ते म्हणाले, कधीही असा वार डायरीत नाही. मला घाम फुटला, मैदानावर उणे सहा तापमान आणि मला घाम, मी सुटका व्हावी म्हणून म्हटलं, रविवारी. किती वाजता? पाच. लिहिलं. डायरी बंद. आणि मी विसरलो. विसरलो म्हणजे काय, लक्षात ठेवलंच नव्हतं. ते म्हणायचं असतं ना!

रविवार आला. लुसिनेया सकाळपासून रडत होती, थंडी, थंडी, मला घरी जायचंय. त्या गावात एक काचेची मोठी बाग होती, आत ऊब करून गरम देशातली झाडं लावलेली. तिला तिथे घेऊन गेलो. आत पाऊल टाकलं आणि तुम्हाला सांगतो, तोच वास! ओल्या मातीचा, आपल्या परसातला. ताडाचं झाड होतं, त्याच्याखाली बाक होता, कोट काढून बसलो आणि दोघांनाही जी झोप लागली ती थेट रखवालदाराने हलवल्यावर मोडली.

घरी आलो. दारात एक माणूस उभा. हातात फुलाची कुंडी. टोपीवर इतका बर्फ. प्रोफेसर.

प्रोफेसरांनी वार-वेळ संघालाही कळवली होती, नऊ खेळाडू येऊन गेले होते म्हणे, अर्धा तास थांबून निघून गेले. हे थांबले. घड्याळ बघितलं आणि म्हणाले, दोन तास बावीस मिनिटं. कुंडी लुसिनेयाच्या हातात दिली आणि निघून गेले. एक शब्द जास्त नाही हो. ओरडले असते तर बरं झालं असतं. आमच्याकडचा कोच ओरडतो, चप्पल फेकतो, मग गळ्यात पडतो, सगळं मोकळं होतं. हे नुसते चालत गेले, आणि टोपीवरचा तो बर्फ मला पाठमोरा दिसत राहिला. इतकी लाज मला स्वतःच्या जाळ्यात गोल मारतानाही वाटली नव्हती, आणि तो मी दोनदा मारलाय.

सोमवारी ऑफिसात बोलावलं. टेबलावर कराराचा कागद. लुसिनेया म्हणाली होती, संपलं, बॅग भरते. मी उभा. ते म्हणाले, "डिफेंडर म्हणजे काय, माहीत आहे? जिथे असेन म्हणाला, तिथे असणारा माणूस."

चार वाक्यांत काय काय सांगणार? हातवारे करून, घाम पुसत, कसंबसं सांगितलं की प्रोफेसर, आमच्या गावी घरी या म्हणजे घरी या नसतं. घरी या म्हणजे तुम्ही मला आवडलात. एवढंच. त्यांनी तो कागद बाजूला सरकवला. खिडकीबाहेर बघितलं. मग म्हणाले, "मग तेवढंच म्हणायचं ना."

आणि डायरी काढली. म्हणाले, पुढचा रविवार, पाच. मी पुन्हा येईन. तू असशील?

असेन!

अहो, मी तीन वाजल्यापासून दारात उभा. लुसिनेया म्हणते, आत ये, गारठशील. म्हटलं, हलणार नाही. पाचचा ठोका पडला आणि समोर टोपी. मासा तळला होता, वर आईची फारीन्या. त्यांनी मूठभर घेतली, चावली, चावत राहिले, मला कळलं की यांना हे लाकडाचा भुसा वाटतंय, पण मनुष्य सज्जन, तीन वेळा वाढून घेतली. जाताना म्हणाले, भूक लागली नव्हती, पण तू होतास. मार्चमध्ये सही झाली. चार वर्षांची!

पुढचं काय, सगळं त्याच एका धड्यावर. जिथे असेन म्हटलं तिथे असायचं. डेन्मार्कनंतर ऑस्ट्रिया, तिथे चार वर्षं मी भीतीने कुणाला नमस्कारापलीकडे काही बोललो नाही, त्यांना वाटलं कपाट फार गंभीर आहे, कर्णधार केलं. मग ग्रीस. तिथली तऱ्हाच निराळी, तिथे न बोलावताच यायचे, येताना मेंढी आणायचे.

पण डेन्मार्क सोडताना काय झालं ते ऐका. विमानतळावर प्रोफेसर पोचवायला आले. मला आलं रडू. मी त्यांच्या गळ्यात पडलो, ते खांबासारखे ताठ, आणि रडता रडता माझ्या तोंडून निघून गेलं, प्रोफेसर, या घरी कधीतरी, आमच्या घरी, ब्रागान्साला! जीभ चावली, पण उशीर झाला होता. डायरी बाहेर. कधी? म्हटलं, तुम्ही निवृत्त व्हाल तेव्हा. ते म्हणाले, मी नऊ वर्षांनी जूनमध्ये निवृत्त होतोय. कुणाला माहीत असतं हो नऊ वर्षांपुढचं? त्यांना होतं. म्हणाले, मग त्यानंतरच्या जुलैचा पहिला रविवार. पाच वाजता. आणि लिहिलं!

आता हा गेला रविवार जुलैचा कितवा होता?

बरोबर.

आणि मी कुठे होतो? मला इथे परतून दोन वर्षं झाली, पहिले सहा महिने कुणी बोलावलं की मी पाच म्हणजे पाचलाच जायचो, यजमानीण केसांना तेल लावून बसलेली असायची, गल्लीने मला बोलावणंच सोडलं. मग हळूहळू सुधारलो. म्हणजे बिघडलो. रविवारी मी नदीवर डॉमिनो खेळत होतो.

परत आलो तर गल्लीत ही गर्दी. मधोमध खुर्ची, खुर्चीत प्रोफेसर, टोपी तीच, हातात कुंडी. पण या वेळी दारात उभे नव्हते. आमच्या इथे दारात कुणाला उभं ठेवतील? इरासीमावशींनी खुर्ची टाकली, कुणी कॉफी दिली, कुणी वाडगाभर आसाई, म्हणजे आमच्याकडच्या जांभळ्या ताडफळांचा गर, वर फारीन्या, आणि ते भुशासारखा चेहरा करून खात होते. मी समोर जाऊन उभा राहिलो. त्यांनी घड्याळ बघितलं.

"दोन तास सात मिनिटं," म्हणाले. "पंधरा मिनिटांची सुधारणा."

आणि हसले! तेरा वर्षांत पहिल्यांदा ती रेष हलली. मग डायरी उघडून दाखवली. अकरा घरं. सोमवारी चार, इरासी. मंगळवारी बारा, चांभाराकडे. इतक्या आनंदाने दाखवत होते की मला सांगवेना, ते म्हणायचं असतं म्हणून. त्यांना वाटतंय अख्खं गाव त्यांची वाट बघतंय. तो माणूस एकदा माझ्या बंद दारापुढे बर्फात उभा राहिलाय. आता पुन्हा कुठल्याही दारापुढे उभा राहायचा नाही. गुडघा गेला तरी चालेल.

म्हणून पळतोय. पण गल्ली ती गल्ली! मावशींना दोन वेळा सांगून आलो, चारला गेलो तर मावशी आंघोळीला, दिवसातली तिसरी. चांभार दुकान बंद करून जावयाकडे. मग करायचं काय? आमच्या खेळात साधा नियम आहे, शेजारचा डिफेंडर जागा सोडून पुढे पळाला की ती जागा तुम्ही भरायची. कुणाच्या घराची चावी कुठल्या कुंडीखाली असते ते सगळ्या गल्लीला माहीत. मी आत जातो, कॉफी ठेवतो, दार उघडतो आणि म्हणतो, या प्रोफेसर, या! काल चौथ्या घरात बसल्यावर त्यांनी शांतपणे विचारलं, जोसिवाल्दो, या गल्लीत तुझी एकूण घरं किती?

बघा, बोलता बोलता चारला दहा मिनिटं उरली. आज ओरिवाल्दोकाकांकडे. काका सकाळीच खेकडे धरायला गेलेत, चुलीवर काही आहे का देवाला माहीत. निघतो. भली माणसं तुम्ही, इतकं ऐकून घेतलंत, बरं वाटलं. या घरी कध...

नाही. काही नाही. तुम्ही मला आवडलात, एवढंच.