ओढून बघायचं काम

माझं नाव हिरा. माहेर खर्डीच्या वरच्या अंगाला, पाड्यावर. आमी ठाकर, बाप वरई-नागली पिकवायचा नि बाकीच्या दिवसांत डोंगरातून हिरडा गोळा करून आणायचा, शाळा मी दुसरीपर्यंत बघितली, काय सांगू ताई तुम्हाला, ह्याच्यापलीकडे काय जग हाय हेच ठाऊक नव्हतं. लगीन करून मी इकडे मुरबाडला आली, म्हणजे मुरबाडला नाय, सरळगावच्या पुढे आत. घरात सासू नव्हती. मोठी जाऊ गंगूबाय, तीच सगळं बघायची, मी तिला बायच बोलते. तिला मूल झालं नाय. माझी दोन्ही पोरं तिच्याच अंगाखांद्यावर वाढली, अजून आय बोलतात ते तिला, मला नुसतं हिरा.

कंपनीत पण तीच आधी गेली. मुरबाडला तवा नवीन नवीन शेडी उभ्या राहत होत्या, त्यातल्या एका शेडीत वायरीचं काम निघालं, बायाच पाहिजे होत्या, बोटं बारीक म्हणून. आमच्या पाड्यातून पहिली बाई ती. लोक नावं ठेवायचे, बाईमाणसानं कंपनीत जायचं म्हणजे काय, तर ती बोलली, लाकडाला डोंगरावर जाते तवा कोणी इचारत नाय. मग मलाबी घेऊन गेली नि साहेबाला बोलली, ही माझी लहान बहीण. जाऊ नाय बोलली. बहीण बोलली.

आता काम काय ते सांगते. मिक्सर बघितलाय ना तुमी, नायतर कपडे धुवायचं मशीन, त्याच्या पोटात वायरी असतात, नि वायरीच्या टोकाला नखाएवढी चपटी पितळेची टोपी, ती आतल्या पातीवर सरकवली की घट्ट बसते, ओढली की निघते, डाग द्यायला नको की स्क्रू पिळायला नको. टर्मिनल बोलायचो आमी. त्यात एक नर, एक मादी. सुपरवायझरनं पहिल्या दिवशी तसं सांगितलं तर सगळ्या बायांनी पदर तोंडात घातला, तो बिचारा मान वर करीना. तर ह्या टर्मिनलला मागे कान असतात, पुढचे कान तांब्याला धरतात, मागचे वरच्या रबराला. वायर सोलायची, कानात नीट ठेवायची, पायानं मशीन दाबायचं, कान मिटतात. एवढंच. पण तांबं नेमकं कानात आलं पाहिजे. तांब्याच्या जागी रबर गेलं, नायतर तांब्याचे केस बाहेर राहिले, तरी वरवर बघणाऱ्याला माल चांगलाच वाटतो, नि मग कोणाच्या तरी घरात ते तापतं, काळं पडतं, जळतं. हे सगळं बायनं शिकवलं मला, माझा हात हातात धरून. पाय दाबायच्या आधी बोटं कुठे हायत ते बघ गो, रोज बोलायची.

अशी चांगली वर्षं गेली. दोघी जीपनं जायचो, दोघी यायचो, आवणीच्या, भात लावायच्या दिवसांत रजा टाकायचो. मग एकदा माल परत आला. जळलेली टर्मिनलं साहेबानं टेबलावर ओतली, काळी कुळकुळीत. तवापासून तपासायचं टेबल लागलं, नि साहेब मला बोलला, तुझी नजर चांगली, तू आता दाबायचं नाय, ओढून बघायचं. एकेकीचा ट्रे माझ्यासमोर यायचा. टर्मिनल चिमट्यात धरायचं, वायर ओढायची. निघून हातात आली तर लाल डब्यात. त्या दिवशी बायनं घरी गोड भात केला. पाड्यात सांगत फिरली, आमची हिरी खुर्चीवर बसली.

नि लाल डब्यात पडायला लागला तो तिचाच माल, ताई.

पयले मला वाटलं मशीन ढिलं झालं असंल. तसं नव्हतं. तिच्या डोळ्यांवर पांढरं आलं होतं. ती बोटानं चाचपून वायर ठेवायची, एवढी सवय होती की बहुतेक बरोबरच बसायची, पण काही चुकायच्या. मी काय करायची, जेवायच्या सुट्टीत तिचे चुकलेले तुकडे घेऊन मशीनवर बसायची, टोक कापायची, नवीन टर्मिनल मारायची. जवळपास पाऊसभर तसं केलं. माल चांगला गेला, खोटं काय केलं नाय मी. पण दिवसभर तिच्या हातची वायर ओढताना वाटायचं, निघू नको गो बाई, निघू नको.

एक दिवस ती जेवणाचा डबा घेऊन मला शोधत आली. मी मशीनवर. तिनं लाल डब्यात हात घातला, एक टर्मिनल उचललं, कानांवरून अंगठा फिरवला. लगेच कळलं तिला.

हे माझं हाय ना?

मी मशीनवरचा पाय काढला. ती बोलली, किती दिवस करतेस? मी बोलली, बाय, तू जेव. तर ती तिथंच खाली बसली नि बोलली, आपल्या घरात मिक्सर नाय, पण कोणाच्या तरी सुनेचा हात लागंल त्याला. एवढंच. जेवलीबी नाय. उठली नि सरळ सुपरवायझरकडे गेली, बोलली, मला दिसत नाय.

मी धावत गेली तिच्यामागून. बोलली, हिला पॅकिंगला घ्या, टर्मिनलवर रबरी टोपणं चढवायला बसवा. तो माणूस वाईट नव्हता. बोलला, हिराबाई, तिथंपण नजरच लागते, मी काय करू सांग. साहेबाकडेबी गेली मी, तोच जबाब. दुसऱ्या दिवशी ती घरी राहिली नि मी त्याच खुर्चीवर जाऊन बसली. तिच्या मशीनवर दुसरी बाई, नि तिचा माल मी ओढत बसली.

मागून डोळ्यांचं शिबिर आलं, तिचं ऑपरेशन झालं, एका डोळ्यानं चांगलं दिसायला लागलं. मला वाटलं आता परत नेऊ. तर तवर शेडीत आपोआप दाबणारी मशीनं आली होती, हातानं दाबणाऱ्या सगळ्याच बाया गेल्या. राहिलो आमी तपासणाऱ्या. माझ्या पगारावर पोरं शिकली, घराला पत्रे आले, नि ती पावसाळ्यात शेवळं, करटोली असल्या रानभाज्या घेऊन बाजारात बसते. कोणी माझ्याकडे बोट दाखवत नाय. तीबी नाय. एकदा मी तिला इचारलं, बाय, तुझ्या मनात माझा राग हाय का? तर बोलली, येडी हायस का, भाजी उतरव नायतर करपंल. तिनं चार शिव्या घातल्या असत्या तर बरं झालं असतं, ताई, खरंच सांगते.

अजून रोज सकाळी डबा तीच भरते. देव तिला चांगलं ठेवो, तिचा तो एक डोळा तरी शेवटपर्यंत राहो. मला सोडायला रस्त्यापर्यंत येते, बोलते, हात सांभाळ गो. जीप वळणावर जाईपर्यंत ती तिथंच उभी असते, हे मला दुसऱ्या बायांनी सांगितलं. मी कधी बघितलं नाय. रोज ठरवते, आज मागे वळून बघायचं. नाय होत माझ्यानं.