‘माझ्या सासूबाई ना...’

...नाही, परनिंदा ऐकणं पाप आहे हे मलाही ठाऊक आहे हो, जन्म गेला दुसऱ्यांना तेच सांगण्यात, पण तुम्हाला सांगते, निंदा अर्धीच ऐकू आली तर माणसानं काय करावं? आमची सूनबाई आणि तिची ती समोरच्या इमारतीतली मैत्रीण, दोघींची पोरं अडीच-अडीच वर्षांची, रोज संध्याकाळी आमच्याकडे जमतात. मी आतल्या खोलीत डोळे मिटून नामस्मरणाला बसते... म्हणजे डोळे मिटलेले असतात, कानांना काय पापण्या दिल्यात देवानं? तर सूनबाई चहाचा कप उचलते, आवाज खाली आणते नि म्हणते, "माझ्या सासूबाई ना..." आणि झालं. "अरे, खडू नाकात नाही घालायचा!" वाक्य तिथंच आटोपलं.

दुसऱ्या दिवशी पुन्हा, "अगं, कालचं राहिलंच, माझ्या सासूबाई ना..." की मैत्रिणीचं रत्न आमच्या रत्नाला कडकडून चावलं. मग "दाढा येताहेत गं त्याला," "छे गं, आमच्यानंच गाडी ओढली," आणि मी तिकडे अधांतरी. वर्ष झालं या मैत्रीला, एक वाक्य म्हणून पुरं नाही. पुढे काय असेल? खाष्ट आहेत? बऱ्या आहेत? भोळ्या आहेत म्हणाली तर मेलेच मी. देवाचं नाव घ्यायला जावं तर ओठांवर तेच... माझ्या सासूबाई ना.

शेवटी म्हटलं, "पोरींनो, मी नेते दोघांना बागेत, तुम्ही बोला निवांत." सूनबाईचे डोळे भरून आले. बागेत एकाला घसरगुंडीवरून उतरवते तो दुसरं माती खातंय, त्याची माती काढते तो पहिलं कुंपणावर, आणि अशात, तुम्हाला सांगते, डोक्यात लख्ख प्रकाश पडला, की अरे, वाक्य आत्ता पुरं होत असणार, आणि मी बसलेय इथं!

दोन्ही कार्टी काखोटीला मारून घर गाठलं. पाहते तो सोफ्यावर दोघी, चहावर साय, एकमेकींवर माना टाकून ढाराढूर. मैत्रिणीला हळूच हलवलं, "काय म्हणत होती गं ही?"

ती डोळे न उघडता म्हणाली, "‘माझ्या सासूबाई ना’ म्हणाली आणि झोपलीच, काकू... उद्याही न्याल ना दोघांना?"

नेते. न नेऊन सांगते कुणाला? मध्यंतरी बाकावर एक माझ्याच वयाची बाई भेटली, बरी वाटली, म्हटलं, "अहो, माझी सून ना..." आणि आमचं रत्न वाळूत किंचाळलं. उठून धावले. तेव्हापासून ती बाई रोज माझ्या शेजारी येऊन बसते.

डोळे मिटून.