पितरपाखातला हुकूम

अन् वरून तो कारकून मलेच म्हणते, "बाई, येवढे दिवस कागद घेऊन कुठी बसल्या होत्या?" मले! ज्या माणसानं दोन वर्षं आमचा अर्ज बुडाखाली घेऊन उबवला, तो मले विचारते! चूक माहीच हाय, नाई म्हणत नाई... पण आधी ऐकून तं घ्या!

तुम्हाले सांगते, मूल गावच्या धानाच्या गिरणीत आम्ही आठ बाया कामाले. भुसा नाकातोंडात, अन् पाण्याचा माठ कोरडा ठण्ण! बोंबलली कोण? मी, भागीरथा! अन् मालक धावत आला तवा माठापुढं गडवा घेऊन उभी कोण? आमची बुधरी, गोंडटोलीची, जिच्या तोंडून दिवसातून चार शबुद निघत नाई! मालक म्हणे, "हीच पुढारी!" झालं, काढलं तिले कामावरून. तवापासून पत्रावळी टाचून लेकरं जगवते बिचारी. चूक माहीच... पण मी गप बसली का? चौथी शिकलेली बाई हाय मी! बुधरीले कामावर परत घ्या म्हणून मजूर कचेरीत अर्ज माह्याच हातानं लिहिला.

मंग सुरू झाले हेलपाटे. कारकून बापूजी, गालात पान, "अर्ज साहेबाच्या टेबलावर हाय." उन्हाळ्यात गेली, टेबलावर. पावसाळ्यात गेली, टेबलावर. म्हटलं, त्या टेबलाले आता पालवी फुटली असन! साहेब हो म्हणत नाई, नाई म्हणत नाई... अरे, नाई तरी म्हण, म्हणजे पुढं भांडता येते!

शेवटी नागपूरचा एक वकील भेटला. म्हणे, हायकोर्टात जाऊ. मी म्हटलं, कोर्ट देईन का बुधरीले काम? तं हसला. "काम नाही मागायचं, बाई. कोर्टाला एवढंच म्हणायचं, साहेबाला निकाल द्यायला लावा. इकडचा द्या नाहीतर तिकडचा." घ्या! एका निजलेल्याले उठवाले हायकोर्ट! पण उठवलं हो! छप्पनच्या भादव्यात टपालानं हुकूम आला, चांगला शिक्क्याचा. संगं वकिलाची चिठ्ठी, "ही नक्कल साहेबाच्या हातात द्या. त्या दिवसापासून दीड महिन्यात त्याला निकाल द्यावाच लागेल."

खरं सांगते, मी त्याच दिवशी निघाली होती. पायात चपला घातल्या, अन् ध्यानात आलं... पितरपाख! आता तुम्हीच सांगा, पितरपाखात कोणी पोरीचं लगन जोडते? नवा इळा धानाले लावते? मंग दोन वर्षांनं आलेला हुकूम असाच अशुभात न्याचा? त्याले हळदकुंकू लावलं, देवापुढं ठेवला. गिरणीतल्या साऱ्या बाया पाया पडून गेल्या. बुधरी बी आली. हळूच म्हणे, "बाई, कवा जाचं?" मी डाफरली, "गप! दसरा होऊ दे!" चूक माहीच... पण भक्तीनं केली नं!

दसऱ्याले कचेरी बंद. दुसऱ्या दिवशी गेली, तं जिकडंतिकडं गाठोडे! बापूजी दोरी आवळून राह्यला. म्हणे, "साहेबाची बदली झाली, परवाच गेले. हुकमाचं त्याईच्या कानावर आलं होतं. घाबरले होते. रोज विचारत, 'ती बाई आली का?' दौत उघडी ठेवून बसले होते!" दौत उघडी! अन् मी इथी कागदाले उदबत्ती ओवाळून राह्यली! "आता एक तारखेपासून आपण मुंबई राज्यात, बाई. जुने कागद बांधले, अन् हा हुकूम बी जुन्याच साहेबाच्या नावाचा. नवा साहेब येईन, त्याले नवा अर्ज द्या." अन् मंग त्यानं तोंड वर करून इचारलं, कुठी बसल्या होत्या म्हणून.

तशीच बुधरीच्या घरी गेली. सारं सांगितलं. वाटलं, शिव्या देईन, दोन झापडा मारंन... मारल्या असत्या तं बरं झालं असतं. तिनं हातातलं पत्रावळीचं पान खाली ठेवलं. म्हणे, "बाई, कागद माह्याच हाती काऊन नाई देला? आमच्यात पितरपाख पाळतच नाई."

नवा अर्ज लिहून तिच्या हातात देला. म्हटलं, ने माय, तुले पाहिजे त्या दिवशी ने. अन् घरी येऊन पंचांग चुलीत घातलं... नाई, आता खोटं कायले बोलू? पेटीत ठेवलं. तेही चांगला दिवस पाहून.