शकुंतलाबाईंनी नाकारलेले गुण

या मंडळी, पुढे सरका. मागे भिंतीला टेकून डुलक्या काढणारे, तुम्हीही या. आज तुमच्याच गावची गोष्ट सांगतो. पण आधी एक विचारतो. खरं बोलणारं माणूस आपल्याला कुठे आवडतं हो? पोथीत, की शेजारी?

आत्ताच सांगू नका. ऐका.

टीव्ही नवा होता तेव्हाची गोष्ट. काळापांढरा. पनवेलला आपल्या वाचनालयात एक होता आणि त्याच्यापुढे लोक चपला काढून बसायचे! त्यावरच्या प्रश्नमंजूषेला मुलींच्या शाळेतल्या शकुंतलाबाई टिपणीस निवडल्या गेल्या. एकट्या बाई. नवरा नाही, मूल नाही. शाळा सुटली की या मंदिरातलं कीर्तन, एवढंच त्यांचं गणगोत. आणि गावाने काय केलं? बाई स्टुडिओत पोचायच्या आत बँड ठरवला, हार करून ठेवले. धीर म्हणून नाही आपल्याला!

तिकडे कार्यक्रमाच्या दिवशी सकाळी तालीम व्हायची — दिवे, कॅमेरे, घंटी बघायला. तालमीतले प्रश्न वेगळे, संध्याकाळचे वेगळे, अशी रीत. बाईंसमोर होते वसईचे घोन्साल्विस मास्तर. त्यांची गाडी चुकली, तालीम हुकली.

संध्याकाळी थेट प्रक्षेपण. शेवटचा प्रश्न, दोघांचे गुण सारखे. निवेदक म्हणाले, "टायटन हा कोणत्या ग्रहाचा उपग्रह?"

अहो, हा तालमीतलाच प्रश्न. नजरचुकीने पुन्हा आला. सकाळी बाईंना येत नव्हता, निवेदकांनीच उत्तर सांगितलं होतं — शनी. आता आडवा यायला शनीच सापडला! बाईंचा हात घंटीवर पडलासुद्धा. इकडे वाचनालयात टाळ्या.

बाई म्हणाल्या, "शनी. पण हे सकाळी तुम्हीच मला सांगितलंत. मास्तर तेव्हा नव्हते. याचे गुण मला नकोत."

"बाई, कार्यक्रम चालू आहे," निवेदक पुटपुटले.

"म्हणून तर आत्ता सांगते."

दुसरा प्रश्न विचारला. मास्तर जिंकले.

दुसऱ्या दिवशी बाई एसटीतून उतरल्या. स्टँडवर कुणी नाही. बँड परत पाठवलेला. आणि हार? वाया जायला नकोत म्हणून या देवाच्या गळ्यात घातले! बाईंचे हार देवाला! कसे धजावले रे हात?

संध्याकाळी बाई कीर्तनाला आल्या. एकजण मोठ्याने म्हणाला, "आल्या सत्यवचनी. पनवेलपेक्षा वसई जवळची यांना." बायकांनी सतरंजीवर जागा दिली नाही. बाई उंबऱ्याशी उभ्या राहिल्या. आत बुवा सत्याचाच महिमा सांगत होते, लोक डोळे पुसत होते. आरती झाली, बाईंनी प्रसाद घेतला आणि गेल्या. पुन्हा या मंदिरात आल्या नाहीत. मरेपर्यंत. आणायला कुणी गेलं का? एक माणूस?

माना खाली घालू नका, माझ्याकडे बघा. ते लोक वाईट नव्हते. तुमच्यासारखेच होते, रोज देवदर्शन करणारे. खरं त्यांनाही आवडायचं, फक्त दुसऱ्याच्या पदरचं गेलं तर.

उद्या तुमची सून, तुमचा भाऊ, तुमच्या हाताखालचं माणूस चारचौघांत खरं बोलेल आणि त्यात नुकसान तुमचं होईल. टोमणा मारायला जीभ वळवळेल तुमची. तेव्हा माझी आठवण नको, या कीर्तनाचीही नको. शकुंतलाबाई टिपणीसांची आठवण ठेवा.