रविवारपुरता डोळा

टणकन डब्याचं झाकण फरशीवर पडलं आणि बेळगावच्या दवाखान्यातली शांतता मोडली. छोट्या आरोहीला मांडीवर घेऊन बसलेल्या तेजस्वीचे कान आपोआप मागच्या बाकाकडं गेले. तिथं एक आत्या आपल्या लग्नाच्या वयाच्या भाचीला घेऊन आली होती.

"करिष्मा, डॉक्टरला इचार, रविवारपुरता डोळा गप्प बसवणारं इंजेक्शन असतंय काय?"

"असलं काय नसतंय, आत्या. टूरेट हाय ते, अंग आपोआप उडवणारा आजार. दाबून धरलं की दुप्पट उसळतंय."

"अगं, पण बघायला आल्यावर जयभीम करताना पोराच्या बापालाच डोळा मारलास की! चहा सांडला त्यांनी मांडीवर."

"एकदा न्हाय, तीनदा मारला."

"वर खांदा पण उडवलास!"

"तो न सांगताच उडतोय."

"हसू नको. निपाणीची माणसं चांगली हाईत, रविवारी परत येतो म्हणाल्यात. लग्न हुईपर्यंत काय बोलू नको."

"मी काल फोन करून त्या पोराला, भीमरत्नला, सगळं सांगितलं."

"बुडवलंस गं! काय म्हणाला?"

"म्हणाला, तिन्ही वेळा बाबांकडंच? मी शेजारीच बसलोतो की!"

आत्याला हसू आवरेना, तिला ठसकाच लागला. तेजस्वीनं ओढणीत तोंड लपवलं. तेवढ्यात आरोहीनं सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात विचारलं,

"आई, बाबा तुला बघायला आलते, तेव्हा तू काय लपवलं होतंस?"